गुरुवारच्या दोन ओळी

सोमवारी सकाळी दहाला पाच कमी असताना कुमुद नंदनवारनं हजेरीच्या मशीनवर अंगठा ठेवला आणि मशीनमधली बाई नेहमीच्या गोड आवाजात म्हणाली, "नोंद आढळली नाही." कुमुदनं अंगठा पदराला पुसला, पुन्हा ठेवला. नोंद आढळली नाही. असं पूर्वीही झालं होतं. डायलिसिस सुरू झाल्यापासून बोटांची कातडी कोरडी पडून रेषा पुसट झाल्या होत्या. बँकेत एकदा ती ती आहे हे पटवून द्यायला अर्धा तास गेला होता. म्हणून ती बाजूच्या नळाशी गेली, अंगठा ओला करून झटकला, मागं उभ्या असलेल्या तिघांना म्हणाली, "जा तुम्ही पुढं." ते एकेक करून मशीनचं "धन्यवाद" ऐकून आत गेले. तिघांपैकी एकानंही तिच्या तोंडाकडं पाहिलं नाही, आणि ते लक्षात आल्यावर तिला कळलं की अंगठा चांगला आहे, बिघाड दुसरीकडंच आहे. सोमवार तसाही तिचा वैरी. मंगळवार, गुरुवार, शनिवार सकाळी सहा ते दहा रक्त धुऊन घ्यायचं. शनिवारनंतर मधे दोन दिवस कोरडे. कोरडे कसले, उलट भरलेले. सोमवारी अंगात पाणी साठून चपलेचा पट्टा पायात रुतायचा, जिन्याच्या सहाव्या पायरीवर श्वास आखूड व्हायचा, आणि एवढं पाणी अंगात असून घसा मात्र वाळलेला. दिवसाला एक लिटर, त्यात चहा आला, वरण आलं, गोळ्या गिळायचा घोट आला. नागपूरच्या जून महिन्यात एक लिटर. ज्यानं हा हिशेब मांडला त्यानं एकदा बाराच्या उन्हात सिव्हिल लाइन्समधून बर्डीपर्यंत चालून दाखवावं, असं ती नेहमी मनात म्हणायची, आणि आज जिना चढताना म्हणाली ते मोठ्यानं.

आत मोहोड बडे बाबू चष्मा पुसत बसले होते. माणूस वाईट नव्हता, निदान गेली चौदा वर्षं ती तसं धरून चालली होती. पण चष्मा पुसायला लागला की समजावं, आता खोटं बोलणार. "तुम्ही कशा काय आल्या, मॅडम?" ते म्हणाले. ती म्हणाली, "रोजच्यासारखी आले. मशीन नाव घेत नाही माझं." "घेणार कसं? तुम्ही तर रिलीव्ह झाल्या नं." "कधी?" "गुरुवारी. साहेबांनी एकतर्फी कार्यमुक्त केलं. पत्र टपालात टाकलं आहे, येईन आज-उद्या घरी." कुमुदनं खुर्चीची पाठ धरली. "बाबू, शुक्रवारी मला मॅटमधून जैसे थे मिळालंय. ऑर्डर तुमच्या मोबाईलवर मीच पाठवली, तुम्ही अंगठा दाखवला होता." "मिळालं नं. मी कुठं नाही म्हणून राहिलो?" चष्मा डोळ्यांवर चढवून मोहोड म्हणाले. "जैसे थे म्हणजे जसं होतं तसं. शुक्रवारी तुम्ही रिलीव्ह झालेल्या होत्या, तशाच आहा. कोर्टाचा मान तर ठेवावाच लागते, मॅडम." पलीकडच्या टेबलावर कोणीतरी हसू दाबलं. ते हसू तिच्या कानात शिरलं आणि तिथंच बसलं.

शुक्रवारी मॅटमध्ये, म्हणजे सरकारी नोकरांच्या त्या कोर्टात, दुपारी चारला न्यायाधीशांनी तिच्या कोरपल्लीच्या बदलीवर दोन ओळी सांगितल्या होत्या: पुढील तारखेपर्यंत जैसे थे. देवतळे वकिलांनी बाहेर येऊन सांगितलं, झालं तुमचं, आता कोणी हलवत नाही. त्या आनंदात तिनं कोर्टासमोर उभ्यानं ताकाचा अख्खा ग्लास पिऊन टाकला होता, बर्फासकट. शनिवारी सकाळी वजन करताना सिस्टर ओरडली होती, काकू, हे काय, साडेतीन किलो जास्त? आणि कुमुद हसली होती. आता त्या हसण्याची तिला शरम वाटली. मूर्ख बाई. ताक पीत होतीस. तू तिकडं ताक पीत होतीस आणि इकडं हे चष्मे पुसत होते.

"पत्र गुरुवारी निघालं म्हणता," ती म्हणाली. "गुरुवारी मी होते इथं. अकरा ते पावणेसहा. या टेबलावरून चिटोरं बाहेर गेलं तरी माझ्या हाताखालून जातं. कुठंय नोंद?" आणि मोहोडांनी जावक वही स्वतःच तिच्याकडं फिरवली. त्या वहीला ती स्वतः खाकी कागदाचं कव्हर घालायची, दर वर्षी, जानेवारीत. कार्यालयातून बाहेर जाणारं प्रत्येक पत्र त्या वहीत चढतं, त्याला नंबर मिळतो, तारीख मिळते. तो नंबर नसेल तर साहेबाची सही म्हणजे नुसती रेघोटी. ई-ऑफिस येणार, येणार म्हणून सात वर्षं ऐकत होते सगळे, आणि वही चालूच होती. गुरुवारचं पान. तिच्या अक्षरात 1846 पर्यंत. मग 1847: श्रीमती कु. श. नंदनवार यांना कार्यमुक्त केल्याबाबत. अक्षर मोहोडांचं. मग 1848, कोणत्यातरी तालुक्याला स्मरणपत्र, तेही मोहोडांचं. त्याखाली लाल रेघ, आणि रेघेवर तिची सही. तिची स्वतःची, दिवस संपल्याची, 1848 अखेर. तिनं तो आकडा स्वतःच घातला होता, गुरुवारी पावणेसहाला, पर्स खांद्याला लावता लावता, त्या दोन ओळी कोऱ्या असताना.

तिला ओरडायचं होतं, पण तोंडात थुंकीच नव्हती. कारण आता काय ओरडणार? या दोन ओळी रिकाम्या होत्या म्हणून? मग रिकाम्या ओळींखाली बाई तुम्ही सही कशी केली? आपलेच दात आणि आपलेच ओठ. चौदा वर्षांपूर्वी जावकच्या टेबलावर ती पहिल्यांदा बसली तेव्हा निवृत्तीला आलेल्या खोतबाईंनी तिला सगळं शिकवलं होतं. डिंक कुठला आणायचा, रजिस्टर पत्रं वेगळी कशी बांधायची, आणि शेवटी, आवाज खाली आणून: "संध्याकाळी दोन ओळी सोडत जा, लेकी. नंबर टाकायचा, बाकी कोरं. साहेबांचं एखादं पत्र मागाहून येतं." मागाहून येतं. किती साधं वाटलं होतं ते. साहेब दौऱ्यावर असतो, सही राहून जाते, वरून विचारणा येते की अमुक तारखेपर्यंत उत्तर का गेलं नाही. मग उत्तर आज लिहायचं आणि गेल्या बुधवारी पाठवायचं. कोणाचं नुकसान? कुमुदनं ते इतक्या टापटिपीनं केलं की साहेब बदलत गेले पण जावकचं टेबल बदललं नाही. नवा साहेब आला की जुना त्याला सांगायचा, नंदनवार मॅडमला हलवू नका, फार समजदार बाई आहे. समजदार. घरी शरदला तिनं हे कौतुकानं सांगितलं होतं. उरलेल्या कोऱ्या ओळींवर महिनाअखेर ती 'रद्द' लिहून टाकायची, सुबक अक्षरात, आणि तपासणीला आलेल्यांनी दर वेळी शेरा मारला होता: वही समाधानकारक.

मोहोड हळू आवाजात म्हणत होते, "मॅडम, तुम्ही मनाला लावून घेऊ नका. तिकडं जॉइन व्हा, मग मेडिकल टाका. लोक असंच करतात." "तिकडं कुठं?" ती म्हणाली. "कोरपल्लीला डायलिसिसचं मशीन आहे का?" "प्रस्तावित आहे," मोहोड म्हणाले. हाच शब्द साहेबांनी कोर्टाला दिलेल्या उत्तरात होता. सदर ठिकाणी सुविधा प्रस्तावित आहे. तो शब्द वाचल्यापासून तिच्या डाव्या हातात, जिथं शीर आणि धमनी जोडून गाठ केली होती, तिथली थरथर वाढल्यासारखी वाटत होती. ती थरथर चोवीस तास चालू असायची, कुशीवर झोपलं की कानात गुणगुणायची. डॉक्टर म्हणायचे ती आहे तोवर तुम्ही आहात, रोज हात लावून पाहत जा. कोरपल्लीहून मशीन सहा तासांवर, आठवड्यातून तीनदा. डॉक्टरांनी कागदावर लिहून दिलं होतं, दोन पाळ्या चुकल्या तर जिवाला धोका. तो कागद तिनं एप्रिलमध्ये अर्जाला जोडला, मेमध्ये जोडला, बारापात्रे साहेबांच्या हातात नेऊन दिला. साहेब म्हणाले होते, "मॅडम, आजार कोणाला नाही? मलाही शुगर आहे. मी कधी रडलो?" आणि अर्जावर लिहिलं: नोंद घेतली. नोंद. तिच्या जागेवर कोणाच्यातरी पत्रानं कोणाचातरी भाचा यायचा होता हे चपराशापासून सगळ्यांना ठाऊक होतं. बरं, त्याला जावकच्याच टेबलावर यायचं होतं असंही नाही. त्याला नागपुरात यायचं होतं. नागपुरात खुर्ची हवी म्हणून एका बाईचं रक्त नासू द्यायचं, आणि वर म्हणायचं, कोर्टाचा मान ठेवावा लागतो.

ती वहीचा फोटो काढून खाली उतरली. बसस्टॉपच्या तुटक्या सावलीत उभं राहून तिनं शरदला फोन केला. शरद दुकानात होता, शिवणयंत्राचा आवाज मधेच थांबला. तिनं सगळं सांगितलं. तो म्हणाला, "जाऊ दे, कुमुद. रक्तदाब वाढंन तुझा." जाऊ दे. सत्तावीस वर्षांच्या संसारात हा माणूस चांगलाच वागला होता. तिच्यासाठी भाजी चिरून उकळायची, ते पाणी फेकायचं, पुन्हा उकळायची, आणि मग तीच बेचव भाजी स्वतःही खायची. दुसऱ्या कोणी हे केलं नसतं. पण त्याच्या या दोन शब्दांनी तिचं डोकं फिरायचं. काय जाऊ दे? नोकरी गेली तर मशीनचं बिल कोण भरणार, तुझे ब्लाउज? तिनं हे म्हटलं नाही. म्हणाली, "वकिलाकडं जाते," आणि फोन ठेवला. मग न बोललेलं वाक्य दिवसभर तिच्यासोबत राहिलं. राग साठवायचा म्हटलं की जागा लागते, आणि तिच्या अंगात आज पाण्यालाच जागा उरली नव्हती.

देवतळे वकील कोर्टामागच्या टपरीशी भेटले. साठीचा माणूस, गालात तंबाखूचा खर्रा, काळ्या कोटाच्या बाह्या घासून हिरवट झालेल्या. त्यांनी मोबाईलवरचा फोटो दोन बोटांनी मोठा केला, पुन्हा मोठा केला. "मॅडम, एक सांगा. 1848 च्या खाली सही तुमची आहे?" "माझी." "म्हणजे गुरुवारी हे पत्र निघालं, असं तुम्हीच सांगून राहिल्या." "ओळ कोरी होती, साहेब." "कोरी काऊन होती?" टपरीवाल्यानं तिच्यासमोर न मागता पाण्याचा ग्लास ठेवला, आणि तिनं तो हातानं बाजूला सारला. वकिलांचं चघळणं थांबलं. "रोज सोडता?" "चौदा वर्षं झाली." देवतळ्यांनी बाजूला जाऊन खर्रा थुंकला, चूळ भरली, मग परत येऊन बाकड्यावर बसले.

"ऐका आता," ते म्हणाले. "दोन रस्ते आहेत. एक, विसरले म्हणायचं. आजारी बाई, सकाळी डायलिसिस करून आलेली, एक दिवस दोन ओळी सुटल्या, सही झाली. न्यायाधीशाला दया येईन, नाहीही येईन. समोरचा वकील म्हणंन, पुरावा काय? आणि पुरावा तर तुमच्या विरुद्ध आहे, तुमच्याच सहीचा." "दुसरा?" "दुसरा, खरं सांगायचं. या हापिसात रोज ओळी सोडतात आणि पाहिजे तेव्हा भरतात. पण तुमच्या तोंडचं खरं पुरत नाही. असं आधी कोणाचं झालं असंन तर त्याचे कागद आणा. एक उदाहरण जरी आणलं नं, मग ती चूक राहत नाही, ती रीत होते. मग त्यांचं गुरुवारचं पत्र गेलं कचऱ्यात. पण," आणि त्यांनी मोबाईल तिच्या हातात परत दिला, "तुम्हीही गेल्या. सरकारी वहीत चौदा वर्षं खोटं लिहू दिलं, तुमच्याच प्रतिज्ञापत्रावर. निलंबन करतीन. निलंबनात मुख्यालय, म्हणजे राहायचं गाव, कुठलं द्यायचं ते साहेबाच्या हातात असते. कोरपल्ली दिलं तर?" "तर काय करायचं?" "तर पुन्हा येऊ इथंच. मी आहो. तुमची तब्येत किती दिवस थांबते ते तुम्ही पाहा." त्यात टोमणा नव्हता, उगीच गोडवाही नव्हता, म्हणून तिला तो माणूस त्या क्षणी आवडला. "उद्या साडेदहाला मी प्रकरण पुढं घेतो," ते म्हणाले. "सांगा, कोणता रस्ता?" ती म्हणाली, "संध्याकाळपर्यंत कागद आणते." आणि उदाहरण कोणतं, हे तिला आठवावं लागलं नाही.

गजानन पंधरे खात्याच्या जीपवर ड्रायव्हर होता. सडसडीत, हसरा, तिला 'मोठ्या मॅडम' म्हणायचा. दौऱ्यावरून येताना मोहाची फुलं, सीताफळं, कधी रानातला मध आणून तिच्या टेबलाखाली ठेवायचा. चार वर्षांपूर्वी त्याच्या हृदयाचं ऑपरेशन झालं आणि दोन महिन्यांत त्याची बदली कोरपल्लीला. तोही मॅटमध्ये गेला, त्यालाही जैसे थे मिळालं, आणि तोही दुसऱ्या दिवशी तो कागद घेऊन हापिसात आला तेव्हा मोहोड चष्मा पुसत होते. पत्र मंगळवारचं निघालं. पंधरे तिच्या टेबलासमोर येऊन उभा राहिला होता, दोन्ही हात टेबलावर टेकून, शर्टच्या वरच्या बटणातून छातीवरचा टाक्यांचा वण दिसत होता. "मोठ्या मॅडम, तुम्ही सांगा. मंगळवारी हे पत्र निघालं काय?" तिनं मान वर केली नव्हती. पाकिटावर तिकिटं लावत होती. "वहीत आहे तेच खरं, पंधरे," ती म्हणाली होती. त्यानं टेबलावरचे हात उचलले. मग "बरं" म्हणून गेला. कोर्टानं वही पाहिली, वही समाधानकारक होती. तो कोरपल्लीला गेला आणि आठ महिन्यांनी तिथंच गेला. त्याच्या बायकोकडं वारसाची कागदपत्रं मागणारं पत्र कुमुदनंच जावक केलं होतं, नंबर टाकून, त्याच दिवशीच्या तारखेनं, अगदी नियमाप्रमाणं. तेव्हा तिला काही वाटलं का? वाटलं होतं. वाईट वाटलं होतं, चहाच्या वेळी सगळ्यांना वाटलं तेवढं. ऑटोत बसून गोरेवाड्याला पंधरेच्या घराकडं जाताना तिनं स्वतःला हे चोख विचारलं आणि चोख उत्तर मिळालं, तेव्हा तिला मोहोडांपेक्षा, बारापात्रेपेक्षा, त्या न पाहिलेल्या भाच्यापेक्षा कोणाचा तरी जास्त राग आला. पण तो राग तिनं पुढं सरकू दिला नाही. ऑटोवाला आरशातून म्हणाला, "काकू, पाणी पाहिजे काय? धापा टाकून राहिल्या." ती म्हणाली, "गाडी चालव तू." ती बदला घ्यायला चालली होती, पश्चात्ताप करायला नाही, असं तिनं मनाशी ठरवलं. कागद मिळाला की बारापात्रेची खुर्ची हलवायची. एवढंच.

पंधरेची बायको शेवंता घरी होती. दोन खोल्या, दारात कूलर गुरगुरत होता, आणि भिंतीवरच्या फोटोत पंधरे खात्याच्या खाकी गणवेशात. तिनं कुमुदला लगेच ओळखलं. "बसा नं, बाई," म्हणाली आणि रीतीप्रमाणं पाण्याचा तांब्या-पेला पुढं केला. कुमुदनं पेला घेतला, ओठ भिजतील एवढा एक घोट घेतला आणि पेला खाली ठेवला. शेवंतानं त्या भरल्या पेल्याकडं पाहिलं. "आमच्या घरचं पाणी चालत नाही काय तुम्हाले?" ती शांतपणे म्हणाली. "तसं नाही हो," कुमुद घाईनं म्हणाली. तिनं बाही वर सरकवून हातावरची ती दोरीसारखी फुगलेली शीर दाखवली. "मूत्रपिंडं गेली माझी. दिवसाचं पाणी मोजून प्यावं लागतं." शेवंता जवळ आली, शीर पाहिली, मग पेला उचलून आत नेला. आतूनच म्हणाली, "यायलेबी मोजूनच सांगतलं होतं डॉक्टरनं. हृदय कमजोर, पाणी साचते म्हणे. इथं मी मोजून देत होतो. तिथं कोण देईन? एकटा राहे. उन्हातून गाडी चालवून ये आन् घागर तोंडाले लावे." ती बाहेर येऊन उंबऱ्याशी बसली. "सांगा. काय काम काढलं?"

कुमुदनं सांगितलं. साहेबांबद्दल, भाच्याबद्दल, 'प्रस्तावित'बद्दल, गुरुवारच्या पत्राबद्दल. बोलता बोलता तिचा आवाज चढला, दिवसभर साठवलेलं सगळं बाहेर आलं, चोर आहेत हे, ताई, माणसं मारतात कागदावर, यांना धडा शिकवायलाच पाहिजे. कुमुद थांबली तेव्हा शेवंता म्हणाली, "म्हणजे तुमच्यावर आली तवा तुम्हाले राग आला." कुमुदनं बाही खाली ओढली. "यांचं पत्र मंगळवारी निघालं होतं काय?" शेवंतानं विचारलं. तोच प्रश्न, त्याच शब्दांत. कुमुदच्या मनात अजूनही उत्तरं तयार होती. मला ठाऊक नव्हतं कोणत्या पत्रासाठी ओळ आहे. मी साधी कारकून. वरून सांगतात तसं करावं लागतं. आणि वकिलाचं: एक दिवस विसरले. विसरले म्हटलं की निलंबन नाही, कोरपल्ली नाही, पुढच्या पाळ्या सुरक्षित. फक्त पंधरेचं मंगळवारचं पत्र कायमचं खरं होऊन जातं. ती म्हणाली, "नाही. निघालं नव्हतं. ओळ मी सोडली होती."

कूलर गुरगुरत राहिला. शेवंताचा चेहरा रागानं तांबडा वगैरे झाला नाही. ती नुसती पाहत होती, आणि ते कुमुदला सहन होईना. मग शेवंता उठली, कपाटातून एक प्लॅस्टिकची पिशवी काढली. आत सगळं होतं. पंधरेचं कार्यमुक्तीचं पत्र, जावक क्रमांकासकट, कोर्टाचा कागद, टपालाचं पाकीट, त्यावरचा शिक्का शुक्रवारचा. मंगळवारी निघालेल्या पत्रावर शुक्रवारचा शिक्का. तो चार वर्षं या घरात पडून होता आणि तो कोणी पाहिला नव्हता. कुमुदनं हात पुढं केला. शेवंतानं पिशवी मांडीवर ठेवली. "आधी लिहून द्या," ती म्हणाली.

कुमुदच्या पर्समध्ये कोरे फूलस्केप असायचेच. तिनं जमिनीवर बसून, पाटाचं टेबल करून लिहिलं. पाय सुजल्यानं मांडी घालता येईना, म्हणून एक पाय लांब करून. मी, कुमुद शरद नंदनवार, जावक लिपिक, लिहून देते की श्री. गजानन पंधरे यांना कार्यमुक्त केल्याचे पत्र मंगळवारी निघाले नव्हते. रोज दोन ओळी कोऱ्या ठेवायची आमच्या कार्यालयाची रीत आहे आणि ती चौदा वर्षे मी पाळली. त्या ओळींवर मागाहून पत्र चढवले गेले. तिनं ते वाचून दाखवलं. शेवंता म्हणाली, "त्यानं विचारलं तवा तुम्ही काय म्हणाल्या होत्या, तेबी घाला." कुमुदनं वर पाहिलं. "घरी येऊन सांगतलं त्यानं मले. जेवला नाही त्या दिवशी. म्हणे, मोठ्या मॅडमनं वर पाहूनबी नाही सांगतलं." कुमुदनं ते वाक्य लिहिलं. त्यांनी मला विचारले तेव्हा मी म्हणाले, वहीत आहे तेच खरे. मला खरे ठाऊक होते. तिनं सही केली, तारीख घातली, वेळही घातली, दुपारचे चार वाजून दहा मिनिटं. सहीच्या वर एकही ओळ मोकळी सुटली नव्हती.

शेवंतानं कागद घेतला, एकेक अक्षर लावत वाचला, घडी करून त्या पिशवीत ठेवला आणि पिशवीला गाठ मारली. कुमुद भिंतीला धरून उठली. "ताई, कागद," ती म्हणाली. "उद्या कोर्टात लागतील."

"कितीले आहे?"

"साडेदहाला. मी मशीनवरून थेट तिथं जाईन."

"मग मी येतो साडेदहाले," शेवंता म्हणाली. "वकिलाच्या हातात मीच देईन. तुमच्या नाही देत, बाई. तुमच्या हातात दिलेला कागद कोणत्या तारखेले निघंन, त्याचा का भरोसा."

वकिलाचं नाव, ते कुठल्या दारापाशी उभे राहतात, तिथं जायला कोणती बस, हे कुमुदनं नीट सांगितलं, आणि शेवंतानं ते दोनदा म्हणून पाठ केलं.